हरिश्चंद्रातला श

कोल्हापुरातल्या राजारामपुरीतल्या एका तरुण लेखिकेनं विचारलंय. ती अद्भुत कादंबरी लिहितेय. तिथल्या आकाशात सूर्य नाही, चंद्रही नाही. एकच गोल आहे, तो स्वतःच्याच निळसर उजेडानं झळकतो आणि जमिनीभोवती फिरतो. त्याला तिनं 'तेजोग्रह' असं नाव दिलंय. ते चालेल का? नसेल तर 'तारा' म्हणावं की 'चांदणी'? आणि चांदणी म्हणणं अशुद्ध आहे असं कुणी तरी सांगितलंय, ते खरं का?

तेजोग्रह नको. संधी बरोबर आहे, पण अर्थ उलटा जातो. ग्रह हा 'ग्रह्' म्हणजे पकडणे या धातूचा शब्द. ग्रहण, पाणिग्रहण, आग्रह हे सगळे तिथलेच. राहू आणि केतू हे गोल नाहीतच, चंद्राची वाट सूर्याच्या वाटेला जिथं छेदते ते दोन बिंदू आहेत. तरी नवग्रहांत त्यांना मानाचं पान आहे, कारण सूर्य-चंद्राला धरतात ते हेच. तेव्हा तेजोग्रह म्हटलं की संस्कृत जाणणाऱ्याला तेज गिळणारा कुणी राक्षस दिसणार. तारा म्हणायला तशी हरकत नाही, पण आजच्या वाचकाला त्या शब्दानं लांबचा सूर्य आठवतो. जमिनीभोवती फिरणाऱ्या गोलाला तो शोभत नाही.

आता चांदणीबद्दल. हे मी रंकाळ्याच्या कट्ट्यावर इतक्यांदा ऐकलंय की आता राग येतो. मावळतीला शुक्र लखलखत असतो, एखादी आजी नातवाला म्हणते, "ती बघ शुक्राची चांदणी." लगेच शेजारून दुरुस्ती येते, "चांदणी नव्हे हो, ग्रह आहे तो. आणि चांदणी म्हणजे चंद्राचा प्रकाश." आजीचं काहीही चुकलेलं नाही. चूक दुरुस्ती करणाऱ्याची आहे, कारण 'चंद्र' हा शब्द मुळात चंद्राचा नव्हताच.

ऋग्वेदात चंद्र हे बहुतेक ठिकाणी विशेषण आहे. अर्थ झळकणारा, चकाकणारा. सोन्यालाही तिथं चंद्र म्हटलंय. आकाशातल्या चंद्राचं जुनं नाव होतं 'मास्'. पौर्णमासी या शब्दात ते अजून आहे, आणि कालगणनेतला मास तोच. 'चंद्रमस्' म्हणजे झळकणारा मास्. पुढं लोकांनी विशेष्य सोडलं आणि विशेषण ठेवलं. चंद्राला चंद्र हे नाव मिळालं ते असं, उसनं.

याहून जुनं रूप हवं असेल तर हरिश्चंद्राकडे या. हरि अधिक चंद्र, मग मधे श कुठून आला? पाणिनी म्हणतो, ऋषीचं नाव असेल तर तिथं सुट् हा आगम होतो, म्हणजे स् येतो आणि पुढच्या च मुळं त्याचा श् होतो. मंत्रांतल्या अशा रूपांसाठी त्यानं वेगळं सूत्रही केलंय. पाणिनीपुढं मी हात जोडतो, पण इथं मला त्याचं पटत नाही. हा श् आगंतुक पाहुणा नाही, घरचा थोरला आहे. धातूच मुळात 'श्चन्द्' होता. शब्दाच्या सुरुवातीला श् गळला, समासात मधे सापडला म्हणून वाचला. सुश्चंद्र, पुरुश्चंद्र ही वैदिक रूपं पाहा. ऋग्वेदातलं 'चनिश्चदत्' हे क्रियारूप तर समासही नाही आणि त्यात चंद्र हे उत्तरपदही, म्हणजे समासातलं शेवटचं पदही, नाही, तरी श् हजर आहे. तिथं कुठलं सूत्र लावणार? लॅटिनमधलं 'कान्देरे', म्हणजे झळकणे, हे याचंच भावंड. त्यातून मेणबत्तीची कँडल आली आणि प्रकाशाची तीव्रता मोजायचं एककही, कॅन्डेला.

कालिदास रघुवंशात म्हणतो की आल्हाद देतो म्हणून चंद्र. कवीला ते शोभतं, व्युत्पत्तीला नाही. आधी दीप्ती, मग आल्हाद. वैदिक शब्दांची व्युत्पत्ती सांगणाऱ्या यास्कानं आपल्या निरुक्त या ग्रंथात 'पाहत पाहत धावणारा' अशी ओढाताण केलीय खरी, पण लगोलग कांती या अर्थाचा 'चन्द्' धातूही दिलाय. तेवढंच देऊन थांबला असता तर किती बरं झालं असतं!

म्हणजे चांदीला चांदी म्हणतात ते ती झळकते म्हणून. हुपरीच्या कारागिराच्या हातातलं पैंजण आणि आजीची शुक्राची चांदणी ही एका धातूची लेकरं आहेत. कोशकार चांदणी थेट चंद्रावरून काढतात. माझं मत वेगळं आहे. लोकांच्या तोंडी 'झळकणारं ते चांद' हा जुना अर्थ कधी मेलाच नाही. नाही तर ज्या अमावास्येला चंद्राचा पत्ता नसतो, त्याच रात्री चांदण्या सगळ्यांत जास्त कशा? चंद्राच्या प्रकाशाचं नाव चंद्र नसलेल्या रात्रीला कुणी देईल काय?

आपली भाषा आधी उजेडाकडं बघते. अंबाबाईच्या किरणोत्सवात, मावळतीची किरणं मूर्तीवर येतात ते 31 जानेवारीपासूनचे आणि 9 नोव्हेंबरपासूनचे दिवस, देवळातून बाहेर आलेल्याला लोक विचारतात, "किरणं कुठवर आली?" पायांपर्यंत, छातीपर्यंत, मुखापर्यंत. सूर्य कुठं आहे हे कुणी विचारत नाही.

लेखिकाबाईंचा गोल राहिलाच की. त्याला दोन नावं द्या. पोथीत आणि राजदरबारात 'सुश्चंद्र'. हा खरा वैदिक शब्द आहे, अर्थ सुंदर झळकणारा, आणि अग्नीला लावलेला असल्यामुळं स्वतःच्या तेजानं जळणाऱ्या गोलाला चपखल बसतो. शेतात आणि बाजारात मात्र 'सुचांद'. वृश्चिकाचा विंचू होताना श् गेला आणि च उरला, चंद्राचा चांद आपण करतोच, तेव्हा हे रूप मराठीच्या वळणाचं आहे. पोरं त्याला सुचांदोबा म्हणतील, म्हणू द्यात. एक सांभाळा. त्याचा उजेड पडतो त्याला 'सुचांदाचा प्रकाश' असं शाळकरी काही लिहू नका. 'सुचांदणं पडलं' असं लिहा. आणि सुचांद पुल्लिंगी, सुचांदणं नपुंसकलिंगी. पहिल्या प्रकरणात 'सुचांद पडला' असं चुकून छापलं गेलं, तर तुमचा गोल जमिनीवर येऊन आदळेल.