सोन्याच्या डबीतली खापरं

चिरंजीवास अनेक आशीर्वाद,

तुझा मेसेज वाचला. इतिहासात बीए झालं, कॅमेऱ्याची भीती वाटत नाही, तर आता मास मीडिया करू की पुरातत्त्व, असं विचारलं आहेस. पुरातत्त्व कर. बोलायला मागाहूनही शिकता येतं. खापर बघताक्षणी ओळखायची नजर मात्र उन्हात बसल्याशिवाय येत नाही.

मॉर्टिमर व्हीलरचंच बघ. 1944 ते 1948 तो भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाचा महासंचालक होता. तक्षशिलेला त्याने आपल्याकडच्या विद्यार्थ्यांना शास्त्रशुद्ध खणायला शिकवलं, पुदुच्चेरीजवळचं अरिकामेडू आणि हडप्पा खणलं. नंतर इंग्लंडात बीबीसीवर वस्तू ओळखण्याच्या कार्यक्रमात बसला आणि 1954 मध्ये तिथला वर्षाचा टीव्ही-चेहरा ठरला. तेव्हा साठी उलटली होती! झुपकेदार मिशांनी हातभार लावला असेलच, पण हातात दिलेली वस्तू ओळखायला मिशा पुरत नाहीत.

आता माझं पाप सांगते. टीव्हीवरचा माझा पहिलाच कार्यक्रम, एका उत्खननावर शूटिंग. सकाळी एक छान रंगवलेलं खापर निघालं होतं. थर आणि खोली लिहिलेल्या चिठ्ठीसकट ते पिशवीत गेलं होतं. धुऊन त्यावर शाईने नंबर घालायचा राहिला होता. दिग्दर्शक म्हणाला, "मॅडम, सापडतानाचा शॉटच नाही आपल्याकडे." मी ते पिशवीतून काढलं, मातीत दाबलं, ब्रश फिरवला आणि "अरे, हे काय!" म्हणाले. तीन टेक झाले. तिसऱ्यात माझा चेहरा फार छान आला. तोवर चिठ्ठी वाऱ्याने कुठे गेली कोण जाणे. त्या दिवशी तसे वीसेक तुकडे निघाले होते, त्यातलं हे कुठलं? एपिसोड लागला त्या रात्री सरांचा फोन आला. कौतुक नाही, रागावणं नाही. एवढंच विचारलं, "कुठल्या थरातलं गं ते?"

खापर अजून माझ्या टेबलावर आहे. थर माहीत नाही म्हणून अहवालात घालता येत नाही, आणि टाकवतही नाही.

चॅनलवाल्यांना सोनं हवं असतं. मग त्यांना नालासोपाऱ्याचं सोनं सांग. 1882 साली पुरातत्त्वज्ञ भगवानलाल इंद्रजींनी तिथला स्तूप उघडला. आत दगडी पेटी, तिच्यात तांब्याचा करंडक, म्हणजे झाकणाचा डबा, त्यात चांदीचा, मग दगडाचा, मग स्फटिकाचा आणि सगळ्यात आत सोन्याची डबी. त्या डबीत काय? मातीच्या भांड्याचे बारीक तुकडे! ते बुद्धाच्या भिक्षापात्राचे असावेत असं मानलं गेलं. एकात एक काय निघालं ते इंद्रजींनी ओळीने नोंदवून ठेवलं, म्हणून आज आपण हे सांगू शकतो. नाहीतर एक सोन्याची डबी उरली असती आणि चिमूटभर कचरा. असली गोष्ट सांगताना पार्श्वसंगीतसुद्धा लागत नाही.

बाकी व्यवहाराचं थोडक्यात. एमएला पुण्याचं डेक्कन कॉलेज उत्तम. मुंबई सोडायची नसेल तर विद्यापीठाच्या पुरातत्त्वाच्या अभ्यासक्रमांची चौकशी कर. संरक्षित स्मारकात शूटिंग करायचं तर परवानगी लागते. ती निर्मात्याने आणली आहे का हे निघण्याआधी विचार, पोहोचल्यावर नको. आणि टीव्हीच्या पैशांवर घरभाडं ठरवू नकोस. चेक येतात, पण त्यांच्या सवडीने.

आता तुला एक काम. पाऊस सुरू आहे तोवर कान्हेरीला जा. शंभरावर लेणी आहेत, सगळी बघत बसू नकोस. एका लेण्याजवळचं पाण्याचं टाकं निवड. तिथल्या शिलालेखांत त्याला 'पोढी' म्हटलंय. खडकात कोरलेल्या पन्हळींतून पाणी त्यात कसं उतरतं ते बघ आणि फोनवर दोन मिनिटांचा व्हिडिओ कर. 'रहस्यमय' हा शब्द बंद. पाणी कुठून येतं, कुठे वळतं, कुठे साठतं, ते बोटाने दाखव. तू फ्रेममध्ये नसलीस तरी चालेल.

पावसाचा आवाज येईल, येऊ दे. रविवारी रात्रीपर्यंत पाठव.

तुझी,
ताई