गाणं मध्येच तुटतं, फाइल खराब आहे का?

प्रश्न : सर, मी कॉलेजात आहे, गिटार शिकतोय. मित्राने ड्रीम थिएटर या अमेरिकन मेटल बँडचा दुसरा अल्बम दिला, 'इमेजेस अँड वर्ड्स'. त्यातलं 'पुल मी अंडर' शेवटी खाडकन बंद पडतं, फाइल खराब आहे का? आणि बाकीची गाणी एवढी लांबलचक की डोक्यावरून जातात. हे लोक नुसता हात दाखवतायत का?
– एक वाचक, सांगली

उत्तर : फाइल ठणठणीत आहे रे, ते गाणं मुद्दाम तसंच संपवलंय. हॅम्लेटवरून सुचलेलं सवाआठ मिनिटांचं गाणं, शेवटी एकच ओळ परत परत येत राहते आणि ती पूर्ण व्हायच्या आत तोंडावर दार आपटल्यासारखं सगळं गप्प. मी पहिल्यांदा ऐकलं तेव्हा कॅसेट बाहेर काढून रीळ अडकली का बघितलं होतं.

आता हात दाखवण्याचं. 1989 चा पहिला अल्बम चालला नाही, गायक बँडमधून बाहेर पडला, मग कितीतरी दिवस नुसती गायकाची शोधाशोध आणि तोवर हे चौघं बसून गाणी रचतायत, मळतायत, शेवटी 1991 मध्ये कॅनडाहून जेम्स लाब्रीची टेप आली आणि काम जमलं. पहिला फटका बसल्यावर माणूस सोपं काहीतरी करतो ना, यांनी 1992 मध्ये 8 गाण्यांत 57 मिनिटं भरली, वर 'अ चेंज ऑफ सीझन्स' नावाचं वीसेक मिनिटांचं गाणं कंपनीने घेऊ दिलं नाही म्हणून राहिलं, ते 1995 ला आलं. मला खटकतो तो फक्त स्नेअर ड्रमचा आवाज, ट्रिगर (ठोक्याबरोबर आधीच साठवलेला आवाज वाजवणारं यंत्र) लावल्यामुळे प्रत्येक ठोका एकसारखाच लागतो, खुद्द ड्रमर पोर्टनॉयलाही तो आवडला नव्हता.

तू एक कर, आज रात्री हेडफोन लावून फक्त शेवटची दोन गाणी लागोपाठ ऐक. 'वेट फॉर स्लीप' अडीच मिनिटांचं, कीबोर्डवाल्या केविन मूरचा पियानो आणि लाब्रीचा आवाज, एवढंच. त्या पियानोची सुरावट नीट कानात बसू दे. मग साडेअकरा मिनिटांचं 'लर्निंग टू लिव्ह', त्यात रिफवर रिफ (गिटारचे परत परत येणारे तुकडे), ताल बदलतोय, लाब्री पार वरच्या पट्टीत जाऊन येतो, आणि बऱ्याच उशिरा, आपण विसरलेलो असताना, तीच सुरावट परत येते. माझ्या अंगावर अजून काटा येतो. ती तुला ओळखू आली की मग याच अल्बममधल्या 'मेट्रोपोलिस' गाण्याकडे वळ.