मी एका सहकारी पतसंस्थेत नोकरीला आहे. संस्थेचं विकिपीडियावरचं पान मीच सुधारलं तर चालेल का?

थेट बदल करू नका. आधी स्वतःचं नातं जाहीर करा आणि हवे ते बदल लेखाच्या चर्चा पानावर सुचवा. साहेबांनी सांगितलं म्हणून किंवा कामाचा भाग म्हणून लिहिणं हे मोबदला घेऊन केलेलं संपादन ठरतं, आणि ते उघड करणं विकिमीडियाच्या (विकिपीडिया चालवणाऱ्या संस्थेच्या) वापरअटींनुसार २०१४ पासून बंधनकारक आहे. सदस्य पानावर, चर्चा पानावर किंवा बदलाच्या सारांशात 'मी या संस्थेचा कर्मचारी आहे' असं सरळ लिहा. मी मराठी विकिपीडियावर संपादन करतो; लपवलेलं नातं उघड झालं की पुढे खऱ्या माहितीवरही कुणी विश्वास ठेवत नाही, हे तिथे दिसतं.

सूचना नेमकी हवी: 'स्थापनेचं वर्ष चुकलं आहे, योग्य वर्ष अमुक, आधार म्हणून तमुक दैनिकातली बातमी.' 'अग्रगण्य', 'नावाजलेली' असली विशेषणं नकोत. पत्ता किंवा अध्यक्षांचं नाव यासाठी संस्थेचं संकेतस्थळ चालतं, कौतुकासाठी नाही. आणि संस्थेवर झालेल्या टीकेचा संदर्भासह असलेला मजकूर तर अजिबात काढू नका, तो कितीही झोंबला तरी.

शुद्धलेखनाची चूक किंवा कुणी घुसडलेली शिवीगाळ मात्र तुम्ही स्वतः काढू शकता. मराठीत लक्ष ठेवणारे संपादक कमी आहेत. चर्चा पानावर उत्तर आलं नाही तर चावडीवर, म्हणजे मराठी विकिपीडियाच्या सामायिक चर्चेच्या पानावर, विचारा, पण वाट पाहून कंटाळलात म्हणून दुसरं खातं उघडून बदल करू नका.