कन्सोल तोट्यात विकतात म्हणे, मग कंपन्या कमावतात कशातून?

तुम्ही विचारलंय की नवीन कन्सोल, म्हणजे टीव्हीला जोडून गेम खेळायचं मशीन, तोट्यात विकूनही कंपन्या टिकतात कशा. मशीन हे फक्त तुमच्या घरात शिरकाव करायला असतं, खरी कमाई पुढची सहा-सात वर्षं गेम्समधून होते.

2006 ला सोनीची पीएस 3 (प्लेस्टेशन 3) आली तेव्हा 60 जीबीवाली 599 डॉलरला होती आणि आयसप्लाय नावाच्या फर्मने ती खोलून एकेका पार्टचा हिशोब लावला तर खर्च 800 च्या वर गेला, म्हणजे प्रत्येक मशीनमागे दोनशेपेक्षा जास्त डॉलर सोनीच्याच खिशातून. वसुली कुठे होते? गेम कोणीही बनवू दे, कन्सोल कंपनीच्या परवानगीशिवाय तो त्यावर चालतच नाही, म्हणून प्रत्येक कॉपीमागे त्यांचा कट, म्हणजे हिस्सा, ठरलेला. डिजिटल स्टोअरवर हा कट साधारण 30 टक्के, म्हणजे 70 डॉलरच्या गेमवर 21 डॉलर बसल्या जागी. ऑनलाइन खेळायचं सबस्क्रिप्शन वेगळंच.

हे नीट समजायला 3डीओ नावाच्या कन्सोलचं उदाहरण बघा, मला तर त्यातूनच कळलं. 1993 ला आलं, किंमत 699 डॉलर. 3डीओ कंपनी स्वतः मशीन बनवतच नव्हती, पॅनासोनिकसारख्या कंपन्या बनवायच्या आणि गेम्सची रॉयल्टी मात्र 3डीओला. आता पॅनासोनिकने तोटा सोसायचा तरी कशासाठी, त्यांना नफा मशीनवरच काढावा लागला, किंमत चढली आणि ते कन्सोल काही चाललं नाही.

दुसरं म्हणजे मशीन बनवण्याचा खर्चही हळूहळू उतरतो. मी जुनी जाड पीएस 2 आणि नंतरची स्लिम दोन्ही खोलून शेजारी ठेवल्या होत्या, जाड मशीनमध्ये मोठा पंखा, आत पॉवर सप्लाय, हार्डडिस्कसाठी रिकामा कप्पा, आणि स्लिममध्ये छोटासा बोर्ड, ॲडॅप्टर बाहेर, मुख्य प्रोसेसर आणि ग्राफिक्स एकाच चिपमध्ये. अमेरिकेत 2000 ला 299 डॉलरला मिळणारी पीएस 2 2009 मध्ये 99 ला आली ती अशी.

सगळेच तोटा सोसतात असंही नाही, निन्टेन्डो कंपनीची वी (Wii) ही कन्सोल पहिल्या दिवसापासून नफ्यात विकली जात होती.

आणि हो, सेकंडहँड डिस्क विकली गेली की कन्सोल कंपनीला त्यातला एक पैसाही मिळत नाही. बिनडिस्कची मशीन स्वस्तात दिली तरी त्यांना परवडतं ते म्हणूनच, कारण मग तुमचा प्रत्येक गेम त्यांच्याच स्टोअरमधून येणार, त्यामुळे घेताना फक्त मशीनची किंमत बघू नका, वर्षाला किती गेम घेता तेही धरा.