'ऑसम गॉड' लिहिणारा रिच मलिन्स कोण होता?

तुम्ही विचारलंय की 'ऑसम गॉड' हे गाणं इतक्या चर्चमध्ये गातात, पण ते लिहिणाऱ्या रिच मलिन्स या अमेरिकन ख्रिस्ती गायकाबद्दल मराठीत काही वाचायला मिळत नाही. तो कोण होता, कसा जगला आणि त्याची आणखी कोणती गाणी ऐकावीत? मी उपासनेत कीबोर्ड वाजवते आणि रिचची गाणी कित्येक वर्षं माझ्या सोबतीला आहेत, त्यामुळे उत्तर जरा लांबणार आहे.

सुरुवात पैशापासून करते, कारण माझ्या मते त्याचं आयुष्य तिथूनच नीट कळतं. आपण किती कमावतो हे त्याने स्वतःला कळूच दिलं नाही. अल्बमचं आणि कार्यक्रमांचं उत्पन्न त्याच्या मंडळीच्या, म्हणजे चर्चच्या, हाती सोपवलेलं असायचं. अमेरिकेत सर्वसाधारण नोकरदाराला त्या वर्षी सरासरी जेवढा पगार मिळे, तेवढी रक्कम त्यातून रिचला दिली जायची आणि बाकीचं सगळं दानधर्माला जायचं. आकडा कळला तर तो सोडणं जड जाईल, असं त्याचं म्हणणं होतं. ऐन भरातला गायक, रेडिओवर गाणी वाजताहेत, सभागृहं भरताहेत आणि हा माणूस ठरलेल्या पगारावर, फाटकी जीन्स घालून, पुष्कळदा अनवाणीच स्टेजवर उभा!

त्याचं पूर्ण नाव रिचर्ड वेन मलिन्स. 21 ऑक्टोबर 1955 ला इंडियाना राज्यातल्या रिचमंड इथे जन्म. घरी सगळे त्याला वेन म्हणत. वडिलांची शेती आणि झाडांची नर्सरी होती. मुलगा मात्र पियानोला चिकटलेला. लहानपणीच पणजीने त्याला जुनी भक्तिगीतं चार आवाजांच्या हार्मनीत वाजवायला शिकवली. घरच्यांचा क्वेकर पंथाशी संबंध होता. क्वेकरांच्या उपासनेत शांत बसण्याला फार मोल आहे, आणि रिचच्या गाण्यात सुरांमधल्या मोकळ्या जागा ऐकताना मला ते हटकून आठवतं. वडिलांशी त्याचं फारसं जमलं नाही. शेतातल्या कामात उपयोगी न पडणारा मुलगा ही बोच त्याच्या मनात शेवटपर्यंत राहिली असावी.

सिनसिनाटीच्या बायबल कॉलेजात तो शिकला. मग मित्रांबरोबर 'झायन' नावाचा गट केला, 1981 मध्ये त्यांचा एक अल्बमही निघाला. फार कोणी तो ऐकला नाही. पण त्याचं 'सिंग युअर प्रेझ टू द लॉर्ड' हे गाणं एमी ग्रँट या ख्रिस्ती गायिकेपर्यंत पोचलं आणि तिने ते 1982 च्या 'एज टू एज' या अल्बममध्ये गायलं. सुरुवातीला पियानोवर बाख या जर्मन संगीतकाराचा फ्यूग (एकाच सुरावटीचा पाठलाग करणारे अनेक आवाज) आणि त्यातून उसळून वर येणारं स्तुतिगीत! तो अल्बम तुफान खपला आणि एका अनोळखी मुलाला नॅशव्हिल या संगीतनगरीचे दरवाजे उघडले.

इथे थोडी पार्श्वभूमी सांगायला हवी. अमेरिकेत 1960 च्या दशकाच्या शेवटी हिप्पी पिढीतले बरेच तरुण प्रभूकडे वळले आणि त्यांनी आपलं रॉक संगीत चर्चमध्ये आणलं. पुढे त्यातूनच एक स्वतंत्र व्यवसाय उभा राहिला. वेगळ्या रेकॉर्ड कंपन्या, वेगळी रेडिओ स्टेशनं, वेगळे पुरस्कार, आणि या सगळ्याचं केंद्र नॅशव्हिल. देवाची गाणी गाऊन नाव आणि पैसा मिळवण्याची ही जागा आहे, म्हणून तिथे प्रामाणिक राहणं फार कठीण. रिचला ते पहिल्यापासून खुपत होतं.

1986 मध्ये त्याच्या नावाचा पहिला अल्बम आला. त्यात 'एलायजा' नावाचं गाणं आहे. आपणही एलीया संदेष्ट्यासारखं अग्निरथातून जावं, अशी मरणाबद्दलची इच्छा त्यात आहे. तीस-एक वर्षांच्या माणसाने असं गाणं लिहावं याचं आश्चर्य वाटतं. दोन वर्षांनी, 1988 मध्ये, 'विंड्स ऑफ हेवन, स्टफ ऑफ अर्थ' मध्ये तुमचं 'ऑसम गॉड' आलं. रात्रभर गाडी चालवत कोलोराडोला एका युवक शिबिराला जाताना, झोप लागू नये म्हणून तो दक्षिणेकडच्या प्रचारकांची नक्कल करत मोठमोठ्याने ओरडत होता, त्यातून ते सुचलं. म्हणूनच मूळ गाण्यातली कडवी गायल्यापेक्षा बोलल्यासारखी वाटतात. आपण चर्चमध्ये बहुधा फक्त ध्रुवपद गातो. कडव्यांमध्ये एदेन बाग आहे, सदोमावरचा कोप आहे आणि वधस्तंभावरची दयाही आहे. तेवढा न्याय आणि तेवढी दया ऐकून झाल्यावर ध्रुवपद आलं की त्याला वजन येतं. नुसतं ध्रुवपद वीस वेळा गाऊन ते येत नाही. कारागिरीच्या दृष्टीने हे गाणं आपल्या कच्च्या गाण्यांपैकी आहे, असं खुद्द रिच मुलाखतीत म्हणाला होता. मला त्याचं पटतं. त्याने याहून कितीतरी चांगलं लिहिलं आहे.

नाव झालं आणि त्याच सुमारास तो नॅशव्हिल सोडून कॅन्ससमधल्या विचिटाला गेला. तिथल्या फ्रेंड्स युनिव्हर्सिटीत त्याने संगीत शिक्षणाच्या पदवीसाठी नाव घातलं आणि 1995 मध्ये पदवी घेतली. वय एकोणचाळीस. वर्गातली मुलं त्याची गाणी ऐकत मोठी झालेली! शाळेत मुलांना संगीत शिकवायचं, तर शिकवायचं कसं हे आधी रीतसर शिकायला हवं, इतकं साधं कारण.

याच काळात त्याच्यावर दोन माणसांचा खोल परिणाम झाला. एक आठशे वर्षांपूर्वीचे, असिसीचे संत फ्रान्सिस. रिच आणि त्याचा मित्र बीकर यांनी 'किड ब्रदर्स ऑफ सेंट फ्रँक' नावाचा छोटासा बंधुसंघ सुरू केला. संन्यासाची रीतसर दीक्षा नाही, पण साधेपणाने आणि मिळून राहायचं. फ्रान्सिसची कथा अमेरिकन यादवी युद्धानंतरच्या कॅन्ससमध्ये नेऊन त्यांनी त्यावर एक संगीतिकाही रचली. दुसरा माणूस म्हणजे ब्रेनन मॅनिंग, फ्रान्सिस्कन संघ सोडलेला धर्मगुरू, दारूच्या व्यसनाशी आयुष्यभर झगडलेला. देव तुम्हाला जसे आहात तसं स्वीकारतो, आधी चांगले व्हा मग या असं म्हणत नाही, हे मॅनिंग परत परत सांगायचा. कॅन्ससमध्ये गाडी चालवताना त्याच्या प्रवचनाची कॅसेट ऐकून रिचला इतकं रडू आलं की गाडी बाजूला घ्यावी लागली. आपल्या बँडला 'रॅगामफिन' (फाटक्या कपड्यांतला पोर) हे नाव त्याने मॅनिंगच्याच पुस्तकावरून दिलं.

आता त्या अल्बमबद्दल, ज्याच्यासाठी मी खरं तर हे लिहायला बसले. 1993 चा 'अ लिटर्जी, अ लेगसी अँड अ रॅगामफिन बँड'. त्याचा पहिला भाग उपासनेच्या क्रमाने जातो आणि दुसरा भाग रिचच्या स्वतःच्या देशाकडे, घराकडे वळतो. त्यातलं 'क्रीड' ऐका. शब्द रिचचे नाहीतच, ते प्रेषितांच्या विश्वासांगिकाराचे आहेत. आपण उपासनेत उभं राहून एका सुरात म्हणून टाकतो, तेच. त्याच्या जोडीला ध्रुवपदात तो एवढंच म्हणतो की हा विश्वास मी घडवलेला नाही, तोच मला घडवतो आहे.

आणि त्या गाण्यात वाजतंय ते हॅमर्ड डल्सिमर. आपल्या संतूरच्याच घराण्यातलं वाद्य: समलंब आकाराची लाकडी पेटी, तिच्यावर ताणलेल्या तारा आणि हातात दोन हलक्या काठ्या. संतूरवादक एकेका सुराला गोंजारतो, रिच मात्र ताल धरून त्यावर झड लावतो, म्हणजे ड्रम सुरू व्हायच्या आधीच गाण्याला वेग येतो. तारा दाबून बंद करत नसल्यामुळे मागचे सूर पुढच्या सुरांत घुमत राहतात. 'पंतय पिलाताच्या वेळेस दुःख भोगलं' या शब्दांपाशीही तो थांबत नाही की आवाज भरून आणत नाही, त्याच चालीत पुढे पुनरुत्थानाकडे जातो. तो थांबला असता तर ऐकणाऱ्याचं लक्ष गायकाच्या भावनेकडे गेलं असतं. उपासनेत वाजवणाऱ्या प्रत्येकाने हे गाणं एकदा तरी कान देऊन ऐकावं असं मला मनापासून वाटतं.

त्याच अल्बममधलं 'होल्ड मी, जीझस' अगदी वेगळं. परदेशात असताना, अ‍ॅम्स्टरडॅममध्ये मोहाशी झगडताना आपण ते लिहिलं, असं तो कार्यक्रमात उघडपणे सांगायचा. ख्रिस्ती गायकाने भर सभेत हे सांगणं त्या काळात धाडसाचं होतं. रिच संत नव्हता. तो पीत असे, फटकळ होता, खिन्नतेचे झटके त्याला येत. एका मुलीबरोबर बरीच वर्षं नातं होतं, लग्न ठरलं होतं, ते मोडलं आणि पुढे तो अविवाहितच राहिला. तो गेल्यावर बरेच जण त्याच्याभोवती प्रभावळ काढतात, ते मला बरं वाटत नाही. देवाने धरून ठेवलं नाही तर आपण पडू, हे त्याला पक्कं ठाऊक होतं, म्हणून तर ती गाणी खरी वाटतात.

पदवी मिळाल्यावर तो न्यू मेक्सिकोत, अ‍ॅरिझोनाच्या सीमेला लागून असलेल्या नावाहो आदिवासींच्या राखीव प्रदेशात राहायला गेला आणि तिथल्या मुलांना संगीत शिकवू लागला. लोकांचं धर्मांतर करायला चाललोय का, असं विचारलं की तो साफ नाही म्हणायचा. गोऱ्या मध्यमवर्गीयांच्या नजरेतून देवाकडे पाहून आपण कंटाळलोय, असं त्याचं उत्तर असे. शेवटच्या काळात तो कॅथलिकांच्या मिस्सा या उपासनेलाही जायचा.

1997 च्या सप्टेंबरमध्ये, एका ओसाड पडलेल्या चर्चमध्ये बसून, त्याने साध्या कॅसेट रेकॉर्डरवर येशूवरची नवी गाणी गाऊन ठेवली. नऊ दिवसांनी, 19 सप्टेंबरला, तो आणि त्याचा सोबती गायक मिच मॅकविकर जीपने विचिटाला एका मदतनिधीच्या कार्यक्रमाला निघाले होते. इलिनॉयमध्ये हमरस्त्यावर जीप उलटली. दोघांनीही सीट बेल्ट लावले नव्हते, दोघेही बाहेर फेकले गेले. मागून येणारा ट्रक उलटलेल्या जीपला चुकवायला वळला आणि रिचवर गेला. मिच जबर जखमी झाला, पण वाचला. रिच एकेचाळीस वर्षांचा होता. ख्रिस्ती संगीतातल्या डव्ह पुरस्कारासाठी हयातीत कितीदा तरी त्याचं नाव गेलं, पण तो मिळाला नाही. 1998 मध्ये, तो गेल्यावर, त्याला वर्षातला सर्वोत्तम कलाकार म्हणून निवडलं.

ऐकायचा क्रम विचारलात, तर मी असा सांगेन: आधी 'इफ आय स्टँड', मग 'समटाइम्स बाय स्टेप'. या दुसऱ्याचं ध्रुवपद बीकरचं, कडवी रिचने घातलेली, आणि त्यातलं अब्राहाम व ताऱ्यांचं कडवं सोडू नका. डल्सिमरसाठी 'कॉलिंग आउट युअर नेम', आणि मग 1993 चा तो पूर्ण अल्बम एका बैठकीत. 'द जीझस रेकॉर्ड' शेवटी ठेवा. 1998 मध्ये निघालेल्या या संचात दोन डिस्क आहेत. एकीवर ओसाड चर्चमधली ती कॅसेट जशीच्या तशी आहे, दुसरीवर तीच गाणी त्याच्या बँडने आणि एमी ग्रँट, मायकल डब्ल्यू. स्मिथ अशा मित्रांनी गायली आहेत. बहुतेक लोक बँडची डिस्क आधी लावतात. तुम्ही कॅसेटची आधी लावा. आवाज खरखरीत आहे, पण गाणं बांधताना त्याच्या मनात काय होतं ते तिथेच ऐकू येतं, आणि मग मित्रांनी त्यात काय भर घातली तेही लक्षात येतं.