धबधबा आणि पाण्यावरचं गाव, एका दिवसात होईल का?

प्रश्न: डिसेंबरात आई-बाबांना घेऊन कंबोडियाला चाललोय. सिएम रीपमधून प्रायव्हेट गाडीनं कुलेनचा धबधबा आणि तरंगतं गाव एकाच दिवशी होतं म्हणे. आईचे गुडघे दुखतात, जमेल का?
– एक वाचक, राजारामपुरी, कोल्हापूर

उत्तर: जमतंय की, बिनधास्त जावा. फक्त सकाळी लवकर निघून आधी कुलेनच करा, कारण तिथला घाट अरुंद आहे, दुपारपर्यंत गाड्या फक्त वर सोडतात आणि नंतर फक्त खाली, उशीर झाला की संपलं. अंगकोरच्या मंदिरांचा पास तिथं चालत नाही, तिकीट वेगळं. मोठ्या धबधब्याखाली जायला बऱ्याच पायऱ्या आहेत, आईंना तिकडं नेऊ नका. त्यांना वरची नदी दाखवा, तळाच्या खडकात ओळीनं कोरलेली शिवलिंगं आणि त्यांच्यावरून वाहणारं पाणी, हात जोडल्याशिवाय राहवत नाही बघा. 802 साली ख्मेर राजा दुसरा जयवर्मन यानं याच डोंगरावर स्वतःला चक्रवर्ती जाहीर केलं.

दुपारनंतर कोम्पाँग फ्लुक, म्हणजे टोनले साप तळ्याकाठचं ते पाण्यावरचं गाव. इथली घरं तरंगत नाहीत, उंच खांबांवर आहेत. पावसाळ्यात मेकाँग नदी इतकी फुगते की टोनले साप नदी उलटी वाहून तळ्यात पाणी भरते, तळं कितीतरी पट पसरतं. पंचगंगेचा पूर बघितलेल्या माणसाला ते लगेच कळेल, फक्त तिथं दरवर्षी त्याचीच वाट बघतात, कारण मासळी त्यावरच. डिसेंबरात पाणी उतरायला लागलेलं असतं पण बोट चालते. एप्रिलमध्ये मात्र खांब उघडे पडतात. बोटीत चढताना आईंचा हात धरा आणि लाइफ जॅकेट मागून घ्या.