‘मी’ म्हणजे नेमका कोण?

प्रश्न : व्हिएतनाममधील चाहते फारशा प्रसिद्ध नसलेल्या, अंडरग्राउंड इंग्रजी रॅपर्सच्या गाण्यांचे भाषांतर करून ते व्हिडिओखाली सबटायटलच्या रूपात देतात. रॅपचा जीव यमकात असतो. मग सूर बदलला की अर्थ बदलणाऱ्या भाषेत या गाण्यांचे काय उरते?
— एक वाचक, सांगली

उत्तर : आपली शंका रास्त आहे. उत्तरेकडील व्हिएतनामीत 6 सूर असून ‘मा’ या एकाच अक्षराचा अर्थ सुरानुसार भूत, थडगे किंवा भाताचे रोप असा होतो, आणि पारंपरिक कवितेत यमक जुळवताना सूरही एकाच गटातले लागतात. ‘व्हिएतसब’ म्हणून ओळखली जाणारी ही सबटायटल्स सहसा यमकाच्या मागे लागत नाहीत. ओळ कानावर पडत असतानाच ती वाचून व्हायची असल्याने यमक मूळ आवाजात ऐकायचे आणि अर्थ डोळ्यांनी टिपायचा, अशी ही वाटणी असते.

माझ्या मते खरी कसोटी लागते ती ‘आय’ या एवढ्याशा इंग्रजी शब्दापाशी. व्हिएतनामीत ‘मी’साठी सर्वत्र चालेल असा एक शब्द नाही, समोरची व्यक्ती वयाने आणि नात्याने कोण लागते, यावर बोलणारा स्वतःला काय म्हणवतो ते ठरते. ‘तोई’ सभ्य, पण काहीसा परका; ‘ताओ’ जिवलग मित्रांतला किंवा भांडणातला. समजा, रॅपर एका कडव्यात प्रतिस्पर्ध्याला ललकारतो आणि पुढच्या कडव्यात आईशी बोलतो. इंग्रजीत दोन्हीकडे ‘आय’च, व्हिएतनामीत मात्र आधीचा ‘ताओ’ आईसमोर ‘कॉन’, म्हणजे लेकरू, व्हावा लागतो. तो तसाच ठेवला, तर मुलगा आईच्या अंगावर धावून गेल्यासारखे वाटेल. आपण तू, तुम्ही, आपण यांचा विचार समोरच्यापुरता करतो. तेथे तो स्वतःबद्दलही करावा लागतो, आणि म्हणून अख्खे गाणे समजल्याशिवाय पहिली ओळही लिहिता येत नाही.

बोलीच्या खाचाखोचा वेगळ्याच. ‘ट्रॅप’ म्हणजे सापळा असे शब्दकोश सांगतो, पण या गाण्यांत तो अमली पदार्थ विकण्याचा अड्डा असतो. आफ्रिकन-अमेरिकन बोलीतले ‘ही बी वर्किंग’ हे चुकीचे इंग्रजी नव्हे. ‘तो नेहमी काम करत असतो’ असा त्याचा नेमका अर्थ आहे. शिवाय अशा रॅपर्सचे शब्द पुष्कळदा कोठे छापलेलेच नसतात, त्यामुळे भाषांतराला हात घालण्याआधीच बराच वेळ हेडफोन लावून तीच ओळ पुन्हा पुन्हा ऐकण्यात जातो.